कोयता, सातबारा आणि लग्न : परभणी जिल्ह्यातील स्त्रियांच्या चळवळीची राजकीय वाट

महाराष्ट्रातील स्त्रियांच्या चळवळीचा इतिहास सहसा पुण्यात सुरू होतो आणि मुंबईत मोठा होतो. १८४८ मध्ये भिडेवाड्यात सुरू झालेली फुले दांपत्याची शाळा, १८८२ मध्ये प्रसिद्ध झालेले ताराबाई शिंदे यांचे ‘स्त्रीपुरुष तुलना’, त्याच वर्षी पंडिता रमाबाईंनी स्थापन केलेला आर्य महिला समाज, रखमाबाईंचा खटला, १८९१ चा संमतिवयाचा कायदा, १९२७ मध्ये पुण्यात भरलेली अखिल भारतीय महिला परिषदेची पहिली सभा आणि त्यानंतर थेट १९७५ चे आंतरराष्ट्रीय महिला वर्ष, असा क्रम पाठ्यपुस्तकांतून आणि गौरवग्रंथांतून रूढ झाला आहे. हा क्रम खोटा नाही. मात्र परभणी जिल्ह्यात उभे राहून पाहिले, तर त्यातील पहिले शतक जवळजवळ परक्या राज्यात घडलेले दिसते, आणि ते शब्दशः तसेच होते. सप्टेंबर १९४८ पर्यंत परभणी हा निजामाच्या हैदराबाद संस्थानाचा एक जिल्हा होता, त्यामुळे कलकत्ता, मुंबई किंवा दिल्ली येथे संमत झालेले सुधारणेचे कायदे त्याला आपोआप लागू होत नसत, आणि त्या कायद्यांवरून केसरी-सुधारकांत पेटलेले वादही या भागापर्यंत क्षीण प्रतिध्वनीच्या रूपानेच पोहोचत.

येथे दोन संज्ञांमधला फरक लक्षात घेतला पाहिजे. स्त्रियांची स्थिती पालटावी म्हणून समाजातील जाणत्या मंडळींनी, बहुधा पुरुषांनी, केलेल्या प्रयत्नांना ‘सुधारणा’ म्हणतात. तर स्त्रियांनी स्वतः संघटित होऊन राज्यसंस्थेकडे, मालकांकडे किंवा समाजाकडे केलेल्या सामूहिक मागणीला ‘चळवळ’ म्हणतात. युरोप-अमेरिकेतील अभ्यासक या चळवळीच्या ‘लाटा’ मोजतात : मताधिकारासाठी झगडणारी पहिली, १९६० नंतर घर, शरीर आणि श्रम यांविषयी प्रश्न विचारणारी दुसरी, आणि पुढच्या काही. परभणीसारख्या जिल्ह्याला ही मोजणी लागू पडत नाही, कारण येथे स्त्रिया रस्त्यावर आल्या त्या फार क्वचित ‘स्त्रीमुक्ती’ या नावाखाली. बहुतेक वेळा त्या दुष्काळी कामाची मजुरी, मराठवाडा विद्यापीठाचे नामांतर, शेतमालाचा भाव किंवा गायरानाचा तुकडा यांसाठी उभारलेल्या आंदोलनांतून आल्या. या वेगळ्या वाटेमुळे त्यांना काय मिळाले आणि काय हातचे निसटले, हा या जिल्ह्याच्या इतिहासातील कळीचा प्रश्न आहे.

परभणीतील स्त्रियांच्या आवाजाची परंपरा सांगताना गंगाखेडच्या संत जनाबाईंपासून आरंभ करण्याचा मोह अनेकांना होतो. जनाबाईंच्या रचनांत दळण-कांडण करणाऱ्या दासीचे जग आहे आणि देवाशी बरोबरीने बोलण्याचे धैर्यही आहे, हे खरे. परंतु त्या धैर्याला संघटनेचे किंवा हक्काच्या मागणीचे रूप देणारी सामाजिक परिस्थिती मध्ययुगात नव्हती, आणि आधुनिक चळवळीचे मूळ तेथे शोधणे म्हणजे दोन्ही काळांवर अन्याय करणे होय. आधुनिक चळवळीला सभा घेण्याचे स्वातंत्र्य, वृत्तपत्र, शाळा आणि प्रतिनिधिगृह लागते. निजामी अमलात नेमकी याचीच वानवा होती. राज्यकारभाराची भाषा उर्दू होती, १९१८ मध्ये स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठाचे माध्यमही उर्दूच होते, आणि ‘गश्ती निशान ५३’ या कुप्रसिद्ध परिपत्रकामुळे पूर्वपरवानगीशिवाय सभा भरवणे कठीण झाले होते. महाराष्ट्र परिषदेचे पहिले अधिवेशन १९३७ मध्ये परतूर येथे भरले, तेव्हा परतूर परभणी जिल्ह्यातच होते. परंतु मराठी भाषिकांच्या हक्कांची ही चळवळ मुख्यतः वकील, शिक्षक आणि शेतकरी पुरुषांची होती.

१९४७-४८ च्या हैदराबाद मुक्तिसंग्रामात मात्र मराठवाड्यातील स्त्रियांचा सहभाग ठळकपणे दिसू लागला. बदनापूरजवळच्या धोपटेश्वरच्या दगडाबाई शेळके यांनी निजामसमर्थक रझाकारांविरुद्धच्या लढ्यात भाग घेतला, तर आशाताई वाघमारे या संग्रामाचे नेते स्वामी रामानंद तीर्थ यांच्या निकटच्या सहकारी म्हणून ओळखल्या जात. नोंदी मात्र त्रोटक आहेत, आणि भूमिगतांना भाकरी पोहोचवणाऱ्या, निरोप नेणाऱ्या, घरात हत्यारे दडवणाऱ्या खेड्यापाड्यांतील बायांची नावे स्वातंत्र्यसैनिकांच्या याद्यांत अभावानेच सापडतात. पोलीस कारवाईनंतर संस्थान भारतात विलीन झाले आणि १९५१-५२ च्या सार्वत्रिक निवडणुकीत परभणीच्या स्त्रीने प्रथमच खऱ्या अर्थाने मतदान केले. मुंबई प्रांतात मालमत्तेच्या अटीसह स्त्रियांना १९२१ मध्ये मताचा अधिकार मिळाला होता. परभणीतील स्त्रीला तो तीस वर्षे उशिरा मिळाला, परंतु मिळाला तो कोणत्याही अटीशिवाय आणि पुरुषाच्या बरोबरीने. तिला त्यासाठी झगडावे लागले नव्हते, ही गोष्ट वरकरणी भाग्याची वाटते.

कायद्यांचेही असेच झाले. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी तयार केलेल्या हिंदू संहिता विधेयकावरून संसदेत वादळ उठले, विधेयक रखडले आणि १९५१ च्या सप्टेंबरमध्ये त्यांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला. पुढे १९५५-५६ मध्ये त्याच विधेयकाचे तुकडे विवाह, वारसा, दत्तक व पालकत्व अशा स्वतंत्र कायद्यांच्या रूपाने मंजूर झाले. पुण्या-मुंबईत या कायद्यांमागे रानडे-टिळक वादापासूनची सत्तर वर्षांची भांडणे होती. लोकांनी एकमेकांवर चिखलफेक केली, बहिष्कार घातले, पुस्तके लिहिली आणि त्या ओघात विवाहाचे वय किंवा घटस्फोट यांविषयी बोलण्याची भाषा तरी तयार झाली. परभणीत कायदा आला तो राजपत्रातून, तयार होऊन. वाद न झाल्यामुळे विरोधही झाला नाही, आणि विरोध न झाल्यामुळे कोणी तो फारसा पाळलाही नाही. सुधारणेच्या चर्चेतून न गेलेल्या प्रदेशात कायद्याचे असेच होते, हे मराठवाड्याच्या बाबतीत पुरेसे मोकळेपणाने सांगितले जात नाही.

अपवाद होता तो आंबेडकरी समाजाचा. १९४२ च्या जुलै महिन्यात नागपूर येथे भरलेल्या दलित वर्गाच्या महिला परिषदेत बाबासाहेबांनी स्त्रियांना शिक्षणाचा, स्वच्छतेचा आणि मुलींची लग्ने लवकर न करण्याचा आग्रह धरला होता. १९५० मध्ये औरंगाबादेत मिलिंद महाविद्यालय सुरू झाल्यावर मराठवाड्यातील दलित तरुणांना उच्च शिक्षण जवळ आले, आणि १९५६ च्या धर्मांतरानंतर घराघरांतील नवस-सायास, देवीला सोडणे, पोतराज यांसारख्या रूढींविरुद्धचे काम मोठ्या प्रमाणात बौद्ध स्त्रियांनीच केले. उर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांच्या ‘आम्हीही इतिहास घडवला’ या १९८९ मधील ग्रंथाने या स्त्रियांचा सहभाग प्रथमच व्यवस्थित नोंदवला. या समाजात लग्न, घर आणि देव्हारा हे राजकारणाचे विषय होऊ शकले, याचे कारण जातिव्यवस्था तेथूनच चालते असे त्यांच्या नेत्याने त्यांना स्पष्ट सांगितले होते.

बाकीच्या ग्रामीण स्त्रीवर्गाला घराबाहेर आणले ते १९७२ च्या दुष्काळाने. सलग अपुऱ्या पावसामुळे त्या वर्षी मराठवाड्यातील विहिरी आटल्या, जनावरे छावण्यांत गेली, आणि शासनाने ठिकठिकाणी पाझर तलाव, नालाबांध, रस्ते व खडी फोडण्याची कामे काढली. दुष्काळाच्या ऐन कडाक्यात राज्यभर सुमारे ५० लाख मजूर या कामांवर होते. त्यांत भूमिहीन दलित व भटक्या समाजांतील स्त्रिया होत्याच, परंतु ज्यांच्या घरची बाई कधी परक्याच्या बांधावर गेली नव्हती अशा मराठा कुटुंबांतील स्त्रियाही होत्या. एकाच रांगेत बसून खडी फोडणे, एकाच टँकरचे पाणी पिणे, आयात केलेल्या तांबड्या मिलो ज्वारीची भाकरी आणि वाटपातली सुकडी खाणे यांमुळे जात नाहीशी झाली नाही. पण ‘आपल्यातल्या बाया कामाला जात नाहीत’ ही प्रतिष्ठेची समजूत मात्र अनेक गावांत कायमची मोडली. ही समजूत कोणा सुधारकाच्या व्याख्यानाने मोडली असती, असे म्हणणे धाडसाचे ठरेल.

या कामांतून रोजगार हमी योजना आकाराला आली. वि. स. पागे यांनी मांडलेल्या कल्पनेवर आधारलेला रोजगार हमी कायदा विधिमंडळाने १९७७ मध्ये संमत केला आणि तो १९७९ पासून अमलात आला. अंगमेहनतीचे काम मागणाऱ्या प्रौढ व्यक्तीला पंधरा दिवसांत काम देणे शासनावर बंधनकारक झाले, काम न दिल्यास रोज एक रुपया बेकारभत्ता देण्याची तरतूद झाली, आणि त्यासाठीचा पैसा मुख्यतः शहरांतील नोकरदारांवर बसवलेल्या व्यवसायकरातून उभा राहिला. स्त्रियांच्या दृष्टीने महत्त्वाची बाब अशी की मजुरी कामाच्या मापावर ठरत असे. खोदलेल्या मातीचा किंवा फोडलेल्या खडीचा दर पुरुषासाठी एक आणि बाईसाठी दुसरा असा ठेवता येत नव्हता. शेतातील खुरपणीला आणि कापूस वेचणीला बाईला नेहमीच कमी पैसे मिळत आलेले असल्यामुळे रोजगार हमीचा दर हा तिच्या हातातला मोजण्याचा गज झाला : गावातील शेतकऱ्याने कमी दिले, तर ती हमीच्या कामावर जाईन असे म्हणू शकत होती. हजेरीपटावर, म्हणजे मस्टरवर, तिचे स्वतंत्र नाव लागत होते, ही गोष्टही लहान नव्हती. कित्येक स्त्रियांचे नाव शासनाच्या कागदावर प्रथमच एखाद्याची बायको म्हणून नव्हे, तर मजूर म्हणून उमटले. मस्टरवरील खोट्या नोंदी, मुकादमाची टक्केवारी, उशिरा होणारे वाटप आणि कागदावरच राहिलेली पाळणाघरे यांविरुद्ध तहसील कचेऱ्यांवर निघालेल्या मोर्चांत स्त्रियांची संख्या मोठी असे. पुढे २००५ मध्ये केंद्राने केलेला राष्ट्रीय ग्रामीण रोजगार हमी कायदा, ज्यात किमान एक तृतीयांश लाभार्थी स्त्रिया असाव्यात अशी अट होती, तो याच अनुभवावर उभा राहिला.

या काळात शहरांतील स्त्रियाही शांत नव्हत्या. मुंबईत मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर यांच्या नेतृत्वाखाली महागाईविरुद्ध लाटणे मोर्चे निघत होते, आणि त्या मोर्चांची बातमी परभणीतही वाचली जात होती. परंतु १९७२ ते १९७४ या वर्षांत परभणी जिल्ह्याचे नाव देशभर गाजले ते मानवतच्या खून-मालिकेमुळे. गुप्तधन आणि नरबळीच्या कथांनी वेढलेल्या या प्रकरणात बळी पडलेल्यांत बहुसंख्य स्त्रिया आणि मुली होत्या. तरीही त्याची चर्चा झाली ती अंधश्रद्धेचे आणि गूढतेचे उदाहरण म्हणून. स्त्रियांवरील हिंसा ही स्वतंत्र राजकीय कोटी अजून सार्वजनिक भाषेत रुळलेली नव्हती, याचा यापेक्षा विदारक पुरावा मिळणे कठीण.

ती भाषा आली पुढच्या काही वर्षांत. १९७४ मध्ये स्त्रियांच्या स्थितीविषयी केंद्रीय समितीचा अहवाल प्रसिद्ध झाला, १९७५ हे आंतरराष्ट्रीय महिला वर्ष जाहीर झाले आणि आणीबाणी लागू असतानाच त्या वर्षी ऑक्टोबरमध्ये पुण्यात स्त्रीमुक्ती संघर्ष परिषद भरली. याच सुमारास औरंगाबादेत दलित पँथरच्या वातावरणात वाढलेल्या तरुणींनी महिला समता सैनिक दल स्थापन करून जातीची उतरंड आणि स्त्रीचे दास्य यांची एकमेकांशी सांगड घातली. मुंबई-पुण्यातील मध्यमवर्गीय गट ज्या निष्कर्षाकडे बऱ्याच उशिरा आले, तो मराठवाड्यातील या लहानशा गटाने आधीच मांडला होता. पोलीस कोठडीतील बलात्काराच्या मथुरा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये आरोपींना निर्दोष सोडले, त्याविरुद्ध चार विधिज्ञांनी १९७९ मध्ये उघड पत्र लिहिले आणि १९८० पासून देशभर उठलेल्या आंदोलनाची परिणती १९८३ च्या कायदादुरुस्तीत झाली. बीडचे माहेर असलेल्या मंजुश्री सारडा यांचा १९८२ मध्ये पुण्यात सासरी झालेला मृत्यू मराठवाड्याला अधिक जवळचा होता; पतीची सर्वोच्च न्यायालयात १९८४ मध्ये निर्दोष मुक्तता झाली, परंतु नारी समता मंचाच्या ‘मी एक मंजुश्री’ या प्रदर्शनाने सुशिक्षित, संपन्न घरातील बाईच्या छळाविषयी बोलण्याची चोरी संपवली. स्त्रीमुक्ती संघटनेचे ज्योती म्हापसेकर लिखित ‘मुलगी झाली हो’ हे नाटक १९८३ पासून गावोगाव होऊ लागले. मराठवाड्यातही शहरांतील महाविद्यालयीन वर्तुळापर्यंत हे सारे आले. वाडी-तांड्यांपर्यंत मात्र त्याची धग कमीच पोहोचली.

तेथे पोहोचली ती दुसरीच आग. मराठवाडा विद्यापीठाला डॉ. आंबेडकरांचे नाव देण्याचा ठराव विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी २७ जुलै १९७८ रोजी मंजूर केला आणि त्यानंतर मराठवाड्यातील खेड्यांत दलित वस्त्यांवर हल्ले झाले. परभणी हा सर्वाधिक झळ बसलेल्या जिल्ह्यांपैकी एक होता. घरे जळाली, धान्य जळाले, विहिरी बाटवल्या गेल्या, कुटुंबे गाव सोडून शहराच्या कडेला येऊन राहिली, आणि या विस्थापनाचा भार चूल पुन्हा मांडणाऱ्या बाईवर पडला. १९७९ च्या लाँग मार्चपासून १४ जानेवारी १९९४ च्या नामविस्तारापर्यंत चाललेल्या सत्याग्रहांत, तुरुंगवासांत आणि मोर्चांत दलित स्त्रिया सातत्याने होत्या. जमिनीच्या बाबतीतही असेच घडले : दादासाहेब गायकवाडांच्या १९५९ आणि १९६४-६५ च्या भूमिहीन सत्याग्रहांचा वारसा घेऊन मराठवाड्यातील दलित कुटुंबांनी गायरान जमिनी कसायला घेतल्या, शासनाने १४ एप्रिल १९९० पूर्वीची अतिक्रमणे नियमित करण्याचे धोरण १९९१ मध्ये जाहीर केले, आणि तरीही उभे पीक उपटणाऱ्या जमावासमोर बहुतेक वेळा प्रथम स्त्रियाच उभ्या राहिल्या. जमीन नियमित झाली तर सातबारावर नाव मात्र बहुधा नवऱ्याचे लागले.

नेमक्या या विरोधाभासाकडे बोट दाखवले ते एका अगदी वेगळ्या, बहुतांशी मध्यम जातींच्या शेतकरी आंदोलनाने. शरद जोशी यांच्या शेतकरी संघटनेचे दुसरे अधिवेशन १९८४ मध्ये परभणी येथे भरले, आणि कापूस उत्पादक मराठवाड्यात संघटनेची मुळे तेव्हापासून घट्ट झाली. संघटनेचा मूळ प्रश्न शेतमालाच्या रास्त भावाचा होता. परंतु १९८६ च्या नोव्हेंबरमध्ये नाशिक जिल्ह्यातील चांदवड येथे भरलेल्या महिला अधिवेशनाला राज्यभरातून लाखाच्या घरात शेतकरी स्त्रिया जमल्या आणि घरातील हिंसा, दारू, पंचायतीतील सत्ता व मालमत्ता हे विषय प्रथमच शेतकऱ्यांच्या व्यासपीठावर आले. पुढे १९८९ पासून ‘लक्ष्मीमुक्ती’ कार्यक्रम सुरू झाला : नवऱ्याने स्वखुशीने जमिनीचा काही हिस्सा बायकोच्या नावे करून द्यावा, आणि गावात अशी किमान शंभर कुटुंबे झाली की त्या गावाला लक्ष्मीमुक्तीचे गाव म्हणून गौरवावे. १९९२ मध्ये शासनाने परिपत्रक काढून सातबारावर पत्नीचे नाव सहहिस्सेदार म्हणून लावण्याची वाट सोपी केली. कल्पना देखणी होती, आणि जिथे नाव लागले तिथे परित्यक्तेला किंवा विधवेला त्याचा खरा आधार झाला. पण तिच्या मुळाशी पतीचे औदार्य होते. आंदोलनाला घर फुटलेले परवडत नव्हते, कारण शेतकरी कुटुंब हाच त्याचा घटक होता. त्यामुळे हक्क मागणारी लक्ष्मी व्यासपीठावर आली तरी तो देणारा नारायणच राहिला.

हक्काची भाषा पुढच्या काळात कायद्याने आणली. महाराष्ट्राने १९९४ मध्ये देशातील पहिले राज्य महिला धोरण जाहीर केले, आणि त्याच वर्षी हिंदू वारसा कायद्यात राज्यापुरती दुरुस्ती करून मुलीला वडिलोपार्जित संपत्तीत जन्मतः सहदायाद, म्हणजे मुलाइतकीच हिस्सेदार, ठरवले. केंद्राने हेच २००५ मध्ये केले. तालुक्याच्या गावी दुय्यम निबंधकाच्या कचेरीत लग्न झालेल्या मुलींकडून भावांच्या नावे ‘हक्कसोडपत्र’ करून घेण्याची पद्धत मात्र सुरूच राहिली, आणि त्या बदल्यात माहेर शाबूत राहते या हिशेबाने अनेक मुली सही करतात. पंचायतीच्या बाबतीत राज्याने १९९० मध्ये तीस टक्के जागा राखल्या, ७३ व्या घटनादुरुस्तीने त्या एक तृतीयांश झाल्या आणि २०११ मध्ये निम्म्या. ‘सरपंचपती’ या शब्दात या सत्तेची थट्टा सामावली आहे. तरीही पाणीपुरवठा, अंगणवाडी आणि दारूबंदीचे ठराव यांत फरक पडला, हे नाकारता येत नाही. वरच्या पायऱ्यांवर चित्र विरळ होत जाते. फौजिया खान राज्यसभेत गेल्या, मेघना बोर्डीकर जिंतूरमधून विधानसभेवर निवडून आल्या आणि मंत्री झाल्या. परंतु परभणी लोकसभा मतदारसंघाने १९५२ पासून आजवर एकदाही स्त्री खासदार निवडून दिलेली नाही. २०२३ च्या १०६ व्या घटनादुरुस्तीने संसद व विधानसभांत ठेवलेल्या एक तृतीयांश जागा जनगणना आणि मतदारसंघांच्या फेररचनेशी बांधलेल्या आहेत.

जिल्ह्याच्या लोकसंख्येत मुस्लिम समाजाचा वाटा सुमारे एक षष्ठांश असल्यामुळे त्या समाजातील स्त्रियांचा प्रश्न वगळून हा इतिहास पुरा होत नाही, जरी तो येथे थोडक्यातच मांडणे भाग आहे. हमीद दलवाई यांच्या पुढाकाराने १९६६ मध्ये सात मुस्लिम स्त्रियांनी मुंबईत विधिमंडळावर काढलेला मोर्चा, १९८५ चा पोटगीविषयीचा शाहबानो निकाल व त्यानंतर केंद्र सरकारने घेतलेली माघार, २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने रद्द ठरवलेला तात्काळ तिहेरी तलाक आणि २०१९ चा कायदा या टप्प्यांत मुस्लिम स्त्रीला प्रत्येक वेळी समाज की हक्क असा खोटा पर्याय दिला गेला. २०१८ मध्ये मालेगाव येथे तिहेरी तलाकविरोधी विधेयकाविरुद्ध मोठ्या संख्येने मोर्चात उतरलेल्या स्त्रियांना केवळ मौलवींच्या सांगण्यावरून आलेल्या म्हणणे सोपे आहे. नवऱ्याला तुरुंगात घालणारा कायदा पोटगीचा प्रश्न कसा सोडवणार, हा त्यांच्या बाजूचा सवालही तितकाच खरा होता.

मजुरी, जमीन आणि सत्ता या तीन दारांतून परभणीतील स्त्रिया सार्वजनिक जीवनात आल्या, परंतु ज्या प्रश्नावरून पुण्यात १८८० च्या दशकात वाद पेटला होता तो लग्नाच्या वयाचा प्रश्न येथे जागचा हललेला नाही. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या २०१९-२१ मधील पाचव्या फेरीनुसार परभणी जिल्ह्यातील २० ते २४ वयोगटातील स्त्रियांपैकी ४८ टक्के स्त्रियांची लग्ने अठरा वर्षे पूर्ण होण्याआधी झाली होती. राज्याची सरासरी २१.९ टक्के होती आणि परभणीचे प्रमाण राज्यात सर्वाधिक होते. याचे खापर अज्ञानावर किंवा परंपरेवर फोडण्याची रीत आहे. परंतु ज्या जिल्ह्यातील स्त्रियांनी हजेरीपटावरील खोटी नोंद पकडली आणि जळालेली वस्ती पुन्हा उभारली, त्यांना केवळ माहिती नाही म्हणून मुलींची लग्ने लवकर होतात, हे स्पष्टीकरण पटणारे नाही. या जिल्ह्यातील बहुतेक आंदोलनांनी कुटुंब हा आपला पाया मानला, आणि पायाखाली कोणी खणत नाही. मुलीच्या लग्नाचा निर्णय ही घरची बाब राहिली, आणि ती घरची राहण्यात आंदोलनांच्या पुरुष नेतृत्वाची सोयही होती.

दुसरे कारण श्रमाच्या रचनेत आहे. जिल्ह्याच्या दक्षिणेकडील बालाघाटाच्या डोंगराळ पट्ट्यातून, विशेषतः गंगाखेडच्या बाजूने, दरवर्षी दिवाळीच्या सुमारास ऊसतोड मजुरांच्या टोळ्या पश्चिम महाराष्ट्र आणि कर्नाटकातील कारखान्यांकडे निघतात. या व्यवसायात मजुराचे एकक ‘कोयता’ आहे, आणि एक कोयता म्हणजे नवरा-बायकोची जोडी. एकट्या माणसाला अर्धा कोयता म्हणतात. मुकादम जी आगाऊ रक्कम, म्हणजे उचल, देतो ती जोडीच्या हिशेबाने आणि नवऱ्याच्या हातात. साहजिकच वयात आलेल्या मुलाचे लग्न लावले की घरात एक पूर्ण कोयता वाढतो, आणि वयात आलेल्या मुलीला सहा महिने गावी एकटी ठेवण्याची किंवा फडावरच्या कोपीत नेण्याची धास्ती लग्नाने मिटते. शेजारच्या बीड जिल्ह्यात याच रचनेचे आणखी एक टोक पुढे आले : नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखालील शासकीय समितीने २०१९ मध्ये ८२,३०९ ऊसतोड स्त्रियांच्या पाहणीचा आधार घेतला, त्यांतील १३,८६१ जणींचे गर्भाशय काढलेले आढळले. खाडा झाला की दंड, पाळीच्या दिवसांत विश्रांती नाही, फडावर पाणी आणि शौचालय नाही, अशा परिस्थितीत शस्त्रक्रिया हा काम चालू ठेवण्याचा मार्ग ठरत होता.

२००६ च्या बालविवाह प्रतिबंध कायद्याखाली महाराष्ट्रात ग्रामीण भागासाठी ग्रामसेवकाला बालविवाह प्रतिबंधक अधिकारी नेमले आहे. हा अधिकारी त्याच गावात कारभार करतो, ज्यांच्या घरी मांडव पडतो त्यांच्याच सहकार्याने करवसुली करतो, आणि तक्रार आली तरच हलतो. तक्रार करायची ती बहुधा शेजारच्या अंगणवाडी सेविकेने, जिला उद्या त्याच गल्लीतून पोषण आहार वाटायचा असतो. मुलीच्या लग्नाचे किमान वय एकवीस करण्याचे विधेयक २०२१ मध्ये लोकसभेत मांडले गेले, तेव्हा अनेक स्त्री संघटनांनी त्याला विरोध केला, कारण अठराचा कायदाच अमलात येत नसताना वय वाढवल्याने स्वेच्छेने लग्न करणाऱ्या तरुणींवर घरच्यांना गुन्हे दाखल करण्याचे आणखी एक हत्यार मिळेल, अशी त्यांची भीती होती. ते विधेयक २०२४ मध्ये लोकसभेबरोबर रद्दबातल झाले. दरम्यान महिला किसान अधिकार मंचासारख्या संघटनांनी मराठवाड्यात वेगळी मागणी लावून धरली आहे : ऊसतोड कामगार म्हणून बाईची नोंद नवऱ्याच्या कोयत्यात न करता स्वतंत्र करावी, तिचे ओळखपत्र तिच्या नावाचे असावे आणि तिची मजुरी तिच्या खात्यात जमा व्हावी. मजुरीची मागणी आणि लग्नाचा प्रश्न या दोन्ही गोष्टी एकाच मागणीत बांधल्या जाणे या भागात नवे आहे, आणि कारखानदार, मुकादम व खुद्द मजूर पुरुष या तिघांचाही तिला असलेला विरोध पाहता तिचे मोल त्या तिघांना बरोबर कळले असावे.